झील डाव्या हाताला उभी राहते

कॉलेजात नव्यानं आलेली मुलं मला अधूनमधून थांबवतात. "ताई, तुम्ही त्यांच्या बँडमध्ये होतात ना?" मी हो म्हणते. मग पुढचं ठरलेलं असतं. ते गाणं सोडून अभिनयात कसे गेले, आणि दाराला डावा खांदा लावून उभं राहण्याची त्यांची ती स्टाईल कुठून आली. एका मुलानं तर वर्गाच्या दारात तसं उभं राहून दाखवलं. मला हसू आलं, पण मी काही सांगितलं नाही. उभ्या उभ्या सांगण्यासारखं ते नाही.

मुलाखतीत तो, म्हणजे आमचा दादा, एका वाक्यात उत्तर देतो, संधी आली आणि घेतली. ते खोटं नाही. पण ते चार दिवस मी जवळून पाहिले आहेत. मी फोन करून विचारलं, लिहू का. तो म्हणाला, "लिही की. नावं नको टाकू कुणाची. आणि मला लई शहाणा करू नको."

म्हणून इथं नावं नाहीत. तसंही बँडमध्ये आम्ही एकमेकांना गावावरूनच हाक मारायचो. मी फुलंब्री तालुक्यातली, म्हणून मी 'फुलंब्री'. गिटार वाजवणाऱ्याच्या वडिलांचं शहरातल्या गुलमंडी बाजारात कापडाचं दुकान, म्हणून तो 'गुलमंडी'. गाणारा वैजापूर तालुक्यातला, पण त्याला सगळे दादाच म्हणत.

आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच. वडील गवंडीकाम करतात, आई मळ्यात राबते. पहिले दोन महिने मी वर्गात तोंड उघडलं नाही. प्रश्न विचारायचा तर तो आधी वहीत लिहून बघायचे, आणि लिहून होईपर्यंत तास संपायचा. युवक महोत्सवाच्या समूहगीतात मैत्रिणीनं माझं नाव मला न विचारता घातलं. वीस जणांत आपला आवाज कुणाला ऐकू जाणार, म्हणून मी राहिले.

तालीम घ्यायला दादा यायचा. तो तेव्हा एम.ए. करत होता. तिसऱ्या दिवशी त्यानं सगळ्यांना थांबवलं.

"मागच्या रांगेत वर कोण जातंय?"

मला वाटलं, चुकलं काहीतरी. मी हात वर केला.

"कुठं शिकलीस?"

"कुठंच नाही. आई मळ्यात असते. घरून हाक मारली तर तिला ऐकू गेली पाहिजे."

सगळे हसले. दादा हसला नाही. "उद्यापासून माझ्या डाव्या हाताला उभी राहा," म्हणाला.

डावा हात का, ते मला पुढं कळलं. दादाचं घर गोंधळ्याचं. लग्न झालं की घरोघरी देवीचा गोंधळ घालतात, त्यासाठी त्याच्या वडिलांना लांबलांबून बोलावणं येई. गोंधळात मुख्य गाणारा पुढं असतो आणि झील धरणारा त्याच्या डाव्या अंगाला, अर्धं पाऊल मागं. निदान त्यांच्या घरात तरी तशी पद्धत होती. गाणारा ओळ म्हणतो आणि शेवटचा शब्द सोडून देतो. झीलकरी तो उंच सुरात उचलतो आणि ताणून धरतो. तेवढ्यात गाणारा श्वास घेतो, पुढची ओळ मनात आणतो. ऐकणाऱ्याला सांधा दिसत नाही, ओळ सलगच वाटते. दादा सहा वर्षांचा असल्यापासून वडिलांना झील देत होता. नंतर तो पुढं गायला लागला आणि वडील त्याला झील देऊ लागले.

त्याच्या वडिलांना सगळे आप्पा म्हणायचे. ते एकदा काही कामानं शहरात आले आणि तालमीला बसले. "पोरगी झिलीला?" त्यांनी दादाला विचारलं. आम्ही एक गाणं म्हटलं. संपल्यावर ते म्हणाले, "आपल्याला वर जायचं तर नरडं पिळावं लागतं. हिचं तिथंच हाय. राहू दे."

माझ्या आयुष्यातलं पहिलं प्रमाणपत्र तेच.

महोत्सवानंतर बँड झाला. संबळ आणि तुणतुण्याच्या जोडीला इलेक्ट्रिक गिटार आणि ड्रम. लोक त्याला फोक-रॉक म्हणत. आम्ही म्हणायचो 'आपलं ते'. तालीम गुलमंडीच्या दुकानावरच्या माळ्यावर चालायची. तिथं भिंतीला लागून छतापर्यंत कापडाची ठाणं होती. आवाज तिथं घुमतच नसे, बाहेर पडला की कापडात मुरून जाई. "यहाँ अच्छा बजा तो दुनिया में कहीं बी अच्छा बजेगा," असं गुलमंडी म्हणायचा.

आमची गाणी मोबाईलवर फिरायला लागली. जत्रा, कॉलेजांची स्नेहसंमेलनं, मग नाशिक, पुणे. मी सगळीकडं जाऊ शकत नव्हते. आई म्हणायची, "तुला कॉलेजात शिकायला घातलंय का गाणं म्हणायला?" वडील काहीच म्हणायचे नाहीत, पण सहाच्या बसला मी उतरले नाही तर फाट्यावर येऊन उभे राहायचे. मी नसले की दुसरा मुलगा झील धरायचा. दादा मला फोनवर सांगायचा, "तो धरतो, पण उशिरा धरतो."

दोन वर्षं असं बरं चाललं. मग दादाचा आवाज फाटायला लागला. आधी वरच्या पट्टीत, मग बोलतानाही. ड्रम आणि गिटारच्या वर गाण्यासाठी तो रोज घसा ताणत होता. डॉक्टरांनी सांगितलं, स्वरयंत्रावर गाठी आहेत. बोलायला हरकत नाही, पण गाणं निदान सहा महिने पूर्ण बंद, आणि नंतरही पूर्वीसारखं गाता येईल असं नाही.

तो दवाखान्यातून थेट माळ्यावर आला आणि ठाणांना टेकून बसला. एम.ए. त्यानं अर्धवट सोडलं होतं. त्याला गाण्याशिवाय काही येत नव्हतं आणि आता गाणं बंद होतं. आप्पा घरी ये म्हणत होते, पण न गाणारा गोंधळी घरी जाऊन काय करणार? तो म्हणाला, "मी आता गोंधळात नुसती दिवटी धरून उभा राहू का?"

तीन आठवड्यांनी एक फोन आला. एका चित्रपटाचे दिग्दर्शक होते. त्यांनी आमचे व्हिडिओ बघितले होते, पण त्यांना दादाच्या गाण्यात रस नव्हता. दोन गाण्यांच्या मधे तो गोष्ट सांगायचा, एकटाच सासू व्हायचा, सून व्हायचा, भांडण लावायचा, ते त्यांना आवडलं होतं. नायकाच्या थोरल्या भावाचं काम होतं. वैजापूरच्या बाजार समितीत कांदा नेणारा, कमी बोलणारा माणूस. त्यात एकही गाणं नव्हतं. शूटिंग वैजापूर रस्त्यावरच्या एका गावात होतं. पहिल्या चार दिवसांत काम बघू, असं त्यांनी स्पष्ट सांगितलं. नाहीतर पुण्याचा दुसरा नट तयार होता.

पहिल्या दिवशी मी नव्हते. संध्याकाळी बसमध्ये असताना गुलमंडीचा फोन आला.

"फुलंब्री, गडबड है. एक ही डायलॉग सात बार हुआ."

"पाठ झाला नव्हता का?"

"पाठ है. मेरेकू उलटा बी सुनाया उसने. पर वो डायरेक्टर बोल्ता, वाक्य पूर्ण कर. ये बोल्ता, किया ना. दोनो भी सच बोल रै, ऐसा लग रा मेरेकू."

मग दादानं फोन घेतला. "उद्या येशील का? तू समोर असलीस की जमंल असं वाटतंय."

दुसऱ्या दिवशी मी दोन तास बुडवून गेले. मी शूटिंग पहिल्यांदाच पाहत होते. एका जुन्या घराच्या अंगणात दिवे, वायरी, माणसं. दादा पायजमा-शर्ट घालून मधोमध उभा होता. समोर धाकट्या भावाचं काम करणारा नायक. दादाचं वाक्य होतं, "आई गेली तेव्हा तू कुठं होतास, ते सांग आधी."

मी कॅमेऱ्याच्या मागं उभी राहिले. शांत राहा, असं कुणीतरी ओरडलं. दादानं वाक्य सुरू केलं. फार चांगलं सुरू केलं. माझ्या अंगावर काटा आला. "ते सांग," इथपर्यंत आला आणि त्याची मान किंचित डावीकडं वळली. ओठ हलले. आवाज आला नाही.

आणि मी म्हटलं, "आधी."

मुद्दाम नाही. दोन वर्षं त्याची मान तशी वळली की मी शब्द उचलत आले होते. आवाजही आपसूक वरच्या पट्टीत लागला. अंगणात तो चांगलाच घुमला.

कानाला हेडफोन लावलेल्या माणसानं तो काढून हातात घेतला. "मागून बाई कोण बोलली?"

सगळ्यांनी माझ्याकडं बघितलं. मला वाटलं, जमीन फाटावी. दिग्दर्शक रागावले नाहीत, ते दादाकडं बघत होते. "तू डावीकडं कुणाला बघतोस रे? कालपासून बघतोय मी. डावीकडं कुणी नाही."

दादा म्हणाला, "मी नाही बघत, सर."

एका सहायकानं मला हळूच बाहेर जायला सांगितलं. थोड्या वेळानं दादाही बाहेर आला. उद्या त्याला सुट्टी दिली होती. परवा सकाळी एकदा करून बघायचं, नाहीतर पुण्याच्या नटाला निरोप जाणार. तो मला एकच वाक्य म्हणाला, "तू मधे बोलली नसतीस तर तो टेक ओके होता."

परत येताना जीपमध्ये मला कळत होतं की तो टेक ओके नव्हता. पण हे त्याला कोण सांगणार? माझ्यासारखीनं, जिला वर्गात साधा प्रश्न विचारता येत नाही?

तिसऱ्या दिवशी आम्ही माळ्यावर जमलो. मी दादाच्या डाव्या हाताला, नेहमीच्या जागी उभी राहिले. ओढणीचं टोक तोंडात धरलं. गुलमंडीनं मोबाईलवर रेकॉर्डिंग लावलं. दादानं वाक्य म्हटलं. त्याची मान वळली. मी ओढणी चावली.

"अब सुन तो सई," गुलमंडी म्हणाला.

मोबाईलमधून दादाचा आवाज आला. आई गेली तेव्हा तू कुठं होतास, ते सांग. मग नुसता पंख्याचा आवाज. कापडाच्या त्या खोलीत ती रिकामी जागा अगदी स्वच्छ ऐकू येत होती. सभागृहात कधी आली नसती.

"परत लाव," दादा म्हणाला. परत लावलं. "मोबाईलमधे काही बिघाड आहे का?"

"मोबाईल बराबर है, भाई."

"मी म्हणलो ना पण. आधी म्हणलो मी."

मी ओढणी तोंडातून काढली. "तू म्हणाला नाहीस, दादा. तो शब्द मी म्हणते. कायम मीच म्हणत आले आहे."

एवढं सलग मी त्याच्याशी कधी बोलले नव्हते. तो खाली बसला. बराच वेळ एका ठाणाचं सुटलेलं टोक बोटाला गुंडाळत राहिला.

"आणि तुझ्या आधी आप्पा," तो म्हणाला.

"हो."

"म्हणजे आजवर माझी एक बी ओळ पुरी नाही."

"ओळ पुरी होती," मी म्हणाले. "दोघांची होती."

त्याला ते पटलं की नाही माहीत नाही. तो उठला आणि म्हणाला, "चल, पुन्हा."

मग आम्ही वेगवेगळं करून बघितलं. मी उजवीकडं उभी राहिले. त्याची मान तरी डावीकडंच वळली. मी ठाणांच्या मागं लपले. तो म्हणाला, "तू आहेस ते कळतंय मला." शेवटी गुलमंडीनं मला जिन्याकडं बोट दाखवलं.

मी खाली दुकानात गेले. गुलमंडीचे वडील एका बाईला परकराचं कापड मोजून देत होते. त्यांनी मला स्टूल दिलं. "बैठो बेटा. ऊपर क्या झगड़ा हो रा?"

"झगडा नाही, चाचा. दादाला एकट्यानं बोलायचंय."

"अकेले बोलने कू इतने लोगाँ लगते?" ते म्हणाले आणि पुन्हा मोजायला लागले.

वरून काही ऐकू येत नव्हतं. मी स्टुलावर बसून मनात ते वाक्य म्हणत होते आणि दर वेळी शेवटचा शब्द माझ्या घशापर्यंत येत होता. मला त्या दिवशी एक गोष्ट वाटली, ती लिहायला संकोच वाटतो. दादाला हे जमलं तर त्याला मी लागणार नाही. आणि जमावं असंच मला मनापासून वाटत होतं. दोन्ही एकाच वेळी खरं होतं.

दीड तासानं गुलमंडी खाली आला. घामानं भिजला होता.

"हो गया."

"कसं?"

"चौखट कू लगा के खड़ा किया. बायाँ खंदा चौखट कू. अब मुंडी घुमाए तो किसकू देखेगा, लकड़ी कू?"

मी वर गेले. दादा जिन्याच्या चौकटीला डावा खांदा घट्ट लावून उभा होता. त्यानं वाक्य म्हटलं. शेवटी त्याची मान वळायला गेली, लाकडाला गाल टेकला आणि तोंडातून शब्द आला. "आधी." जाडाभरडा, थोडा फाटलेला आणि खालच्या सुरातला. मी तो शब्द त्याच्या आवाजात पहिल्यांदाच ऐकत होते.

चौथ्या दिवशी मी गेले नाही. माझी अंतर्गत परीक्षा होती, आणि दादानंही ये म्हटलं नव्हतं. पेपर लिहिताना माझं अर्धं लक्ष घड्याळाकडं होतं. बाहेर आले तर मोबाईलवर गुलमंडीचा निरोप होता. दादानं दिग्दर्शकांना विचारलं होतं की अंगणाच्या मधोमध न उभं राहता दाराच्या चौकटीला टेकून बोललं तर चालेल का. ते म्हणाले, बघू. तिसऱ्या टेकला ओके झालं. दिग्दर्शक म्हणाले होते, "हे दाराला टेकणं चांगलं आहे. घर धरून ठेवलंय असं वाटतं. ठेव हे."

तेच पुढं त्यानं ठेवलं. त्या चित्रपटानंतर मालिका आली, मग आणखी दोन चित्रपट. आता तो सराईत झाला आहे, चौकट नसली तरी चालतं. पण लोकांना ते आवडतं म्हणून दिग्दर्शक त्याला दारात उभं करतात. पोरं नक्कल करतात. बँड हळूहळू थांबला. भांडण झालं नाही. दोन तालमींमधले दिवस वाढत गेले, एवढंच. गुलमंडी आता दुकानात बसतो आणि लग्नांत वाजवतो. मी एम.ए.च्या शेवटच्या वर्षाला आहे. वर्गात प्रश्न विचारते. अजून आधी वहीत लिहून घेते, पण विचारते.

गेल्या महिन्यात दादा चार दिवस घरी आला होता. रविवारी दुपारी त्यानं मला आणि गुलमंडीला जेवायला बोलावलं. जेवणं झाल्यावर टीव्हीवर त्याचा तोच पहिला चित्रपट लागला होता. आप्पा समोर बसून बघत होते. संबळ त्यांच्यामागं खुंटीला होता. मी चित्रपटाकडं कमी आणि आप्पांकडं जास्त बघत होते. दादाचं वाक्य शेवटाला आलं की त्यांचे ओठ उघडायचे, आणि वाक्य पुरं झालं की मिटायचे. दर वेळी.

"हा जागाच ठेवत नाय आता," आप्पा म्हणाले.

दादा आपल्याच घराच्या दारात, चौकटीला खांदा लावून उभा होता. "ठेवली असती तर मला काढून टाकलं असतं, आप्पा."

"व्हय का? मंग बरं केलंस." मग टीव्हीचा आवाज बंद करून ते म्हणाले, "डॉक्टर काय म्हंतो?"

"गुणगुणायला हरकत नाही म्हणतो. वर जायचं नाही."

"वर जायला ही हाय की." त्यांनी माझ्याकडं बघितलं. "आज ही म्हणंल. आपण दोघं झील धरू."

मी घाबरले. "आप्पा, मला सुरुवाती येत नाहीत. मला सगळ्या गाण्यांचे नुसते शेवट पाठ आहेत."

गुलमंडी एवढा हसला की त्याला ठसका लागला. आप्पा हसले नाहीत. त्यांनी संबळ काढून मांडीशी घेतला. "सुरुवात हा सांगंल हळू आवाजात. लई शेवट म्हणलेस त्याचे."

मी खोलीच्या मधोमध उभी राहिले. माझ्या डाव्या हाताला कुणीच नव्हतं, आणि ते मला पाठीतून जाणवत होतं. दादानं चौकट सोडली. तो आला आणि माझ्या डाव्या अंगाला, अर्धं पाऊल मागं उभा राहिला. माझ्या कानाशी त्यानं पहिले तीन शब्द सांगितले.

मी गायले. आणि ओळीच्या शेवटी, सवयीनं, शेवटचा शब्दही मीच उचलला आणि जोरात ताणून धरला. संबळ थांबला.

"सोड की गं तो," आप्पा म्हणाले. "आमाला बी काही ठेव."